खाकीची पटकथा कोणी लिहिली?

नवा धागा. विषय : समलैंगिक पुरुषांच्या प्रौढ चित्रपटांतील सत्ता आणि अधिकाराची पात्रे. धाग्यात दृश्यवर्णन नाही, दुवे नाहीत; इतिहास आहे आणि कायदा आहे. वाचक प्रौढ आहेत असे गृहीत धरले आहे.

पोलीस आणि कैदी. सार्जंट आणि रंगरूट. साहेब आणि नोकर. डॉक्टर आणि रुग्ण. एकाच्या तोंडी हुकूम, दुसऱ्याच्या वाट्याला पालन, अशी मांडणी या चित्रपटांत पुन्हा पुन्हा येते. इतिहासप्रेमींच्या वर्तुळात तिच्यावरचा निकाल ठरलेला असतो : ही पाश्चात्त्य विकृती आहे, इंटरनेटवरून आपल्याकडे आली आहे, आपल्या मातीशी तिचा संबंध नाही. मला हा निकाल साफ अमान्य आहे. ही पात्रे कॅमेऱ्याने जन्माला घातली नाहीत. कायदा, छावणी आणि पोलीस चौकी यांनी ती आधी घडवली, कॅमेरा फार उशिरा आला. आणि या पटकथेचा एक मोठा तुकडा आपल्याच देशात बसून लिहिला गेला.

सुरुवात १८३७ पासून करावी लागेल. मेकॉलेच्या अध्यक्षतेखालील विधी आयोगाने त्या वर्षी भारतीय दंडविधानाचा मसुदा सादर केला. त्यातील ३६१ आणि ३६२ ही कलमे 'अनैसर्गिक' वासनेविषयी होती. या दोन कलमांचे मध्यवर्ती क्रियापद होते स्पर्श करणे. त्या हेतूने नुसता स्पर्श केला तरी गुन्हा, आणि संमतीने स्पर्श करू दिला तरीही गुन्हा. मात्र दोन कलमांत एक फरक राखलेला होता : ३६१मध्ये संमती असलेला स्पर्श, ३६२मध्ये संमती नसलेला. दुसऱ्याला शिक्षा अधिक कडक. या विषयावर चर्चाच होऊ नये, अशी मेकॉलेची इच्छा होती, म्हणून त्याने या कलमांवर जवळपास काहीही भाष्य केले नाही.

१८६० साली दंडविधान संमत झाले तेव्हा या दोन कलमांच्या जागी एकच कलम उरले, ३७७. त्यात शिक्षा जन्मठेपेपर्यंत होती. त्यात संमतीचा शब्दच नव्हता. बळजबरी करणारा आणि राजीखुशीने जवळ येणारा, दोघे एकाच तराजूत. हा गळालेला शब्द लक्षात ठेवा. पुढे सगळा धागा त्याच्याभोवती फिरणार आहे.

याच कलमाचे वंशज नंतर सिंगापूर, मलाया, पूर्व आफ्रिका अशा वसाहतींच्या कायद्यांत गेले. म्हणजे आयात-निर्यातीचा हिशेब मांडायचाच असेल तर या व्यवहारात भारतातून माल बाहेर गेला आहे.

आता कायदा प्रत्यक्षात कसा चालला ते पाहू. अलाहाबाद उच्च न्यायालयातील १८८४चे खैराती प्रकरण कायद्याच्या विद्यार्थ्यांना ठाऊक असते, इतिहासाच्या विद्यार्थ्यांनीही वाचले पाहिजे. खैराती हा माणूस स्त्रीवेषात गाताना पोलिसांच्या नजरेस पडला. त्याला पकडले, सिव्हिल सर्जनकडून त्याच्या शरीराची तपासणी करवली, आणि सत्र न्यायालयाने त्याला दोषी ठरवले. कोणासोबत, कोठे, केव्हा, यांपैकी एकाही प्रश्नाचे उत्तर फिर्यादीपाशी नव्हते. उच्च न्यायालयाने त्याला सोडले, परंतु सोडतानाही पोलिसांच्या हेतूची वाखाणणी करायला ते विसरले नाही.

या प्रकरणातली पात्रे मोजा. पोलीस. डॉक्टर. न्यायाधीश. आणि मध्यभागी एक शरीर, ज्याला 'नको' म्हणण्याची मुभा नाही. आज ज्या पात्रांना आपण अश्लील चित्रपटाची ठरावीक पात्रे म्हणतो ती सर्व येथे हजर आहेत, १८८४ साली, सरकारी खर्चाने, सिनेमाचा शोध लागण्यापूर्वी.

माझा मुद्दा येथून सुरू होतो. ज्या समाजात एका पुरुषाने दुसऱ्या पुरुषाला इच्छेने स्पर्श करणे हा गुन्हा असतो, तेथे स्पर्शाचा परवाना कोणाकडे उरतो? अधिकाऱ्याकडे. पोलीस झडती घेऊ शकतो. डॉक्टर तपासू शकतो. सार्जंट रंगरुटाची हनुवटी वर करू शकतो. तालमीतला वस्ताद पठ्ठ्याचे अंग रगडू शकतो. या हातांना कोणी जाब विचारत नाही, कारण त्यांच्यापाशी कर्तव्याचे कारण असते. बंदी असलेल्या इच्छेने बोलण्यासाठी हेच कारण उसने घेतले, यात नवल ते कोणते?

याचा पुरावा अमेरिकेत सापडतो. बॉब मायझर नावाच्या छायाचित्रकाराने १९४५ साली लॉस एंजेलिसमध्ये 'अॅथलेटिक मॉडेल गिल्ड' हा स्टुडिओ काढला आणि १९५१ पासून 'फिजिक पिक्टोरियल' हे मासिक. वरवर पाहता हा शरीरसौष्ठवाचा मामला होता. तरुणांच्या अंगावर लंगोटाएवढे वस्त्र, सोबत व्यायामाचे गोडवे. मायझरने लघुपटही काढले. त्यांत कथानक नावापुरते : रोमन गुलाम आणि मालक, कैदी आणि पहारेकरी, खलाशी आणि त्याचा वरिष्ठ, नाहीतर सरळ कुस्ती. दोन पुरुष एकमेकांना प्रेमाने धरू शकत नव्हते, म्हणून ते झुंजत होते किंवा एक दुसऱ्याला शिक्षा करत होता. शिक्षा ही सबब होती. अशी मासिके अश्लील ठरत नाहीत आणि टपालाने पाठवता येतात, असा निर्णय अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने दिला तो १९६२ मध्ये. तोवर या सबबीला शैलीचे रूप आले होते.

त्याच शहरात पोलीस काय करत होते? साध्या वेषात, समलैंगिक असल्याची बतावणी करून उद्यानांत हिंडत होते. समोरचा जाळ्यात आला की अटक. १९५२ साली डेल जेनिंग्ज या कार्यकर्त्याला असेच पकडले गेले. त्याने न्यायालयात स्वतःची समलैंगिकता उघडपणे मान्य केली आणि पोलिसांचा आरोप तेवढा नाकारला. ज्युरीचे एकमत झाले नाही, खटला बारगळला. हे वाचल्यावर मला प्रश्न पडतो की भूमिका आधी कोणी केली? नटाने पोलिसाची भूमिका करण्याच्या कितीतरी आधी पोलीस समलैंगिकाची भूमिका पगार घेऊन करत होता.

युद्धाने या पटकथेला पोशाख दिला. 'टॉम ऑफ फिनलंड' या नावाने प्रसिद्ध असलेले टौको लाक्सोनेन हे दुसऱ्या महायुद्धात फिनलंडच्या सैन्यात विमानविरोधी तोफखान्याचे अधिकारी होते. १९५७ साली त्यांची चित्रे 'फिजिक पिक्टोरियल'मध्ये छापली गेली. बूट, पट्टा, टोपी, चामड्याचे जाकीट, हे पुढच्या पन्नास वर्षांच्या प्रौढ चित्रपटांचे दृश्यव्याकरण त्यांच्या पेन्सिलीतून उतरले. फिनलंडमध्ये पुरुषांमधील संबंध १९७१ पर्यंत गुन्हा होते, म्हणजे ज्या पोलिसाचे चित्र ते काढत होते तोच त्यांना अटक करू शकत होता. त्यांच्या कित्येक चित्रांत पोलीसच बांधला जातो, हुकूम देणारा हुकूम ऐकू लागतो, आणि दोघेही हसत असतात. त्यांचे हे हसणे कोणत्याही पोलीस दफ्तरात सापडणार नाही.

अर्थात सत्तेशिवाय हा चित्रप्रकार उभाच राहत नाही, असे मुळीच नाही. वेकफील्ड पूल यांचा 'बॉइज इन द सँड' १९७१ साली न्यूयॉर्कच्या चित्रपटगृहात जाहीरपणे लागला आणि वृत्तपत्रांनी त्याची परीक्षणे छापली. त्यात समुद्र आहे, ऊन आहे, हुकूम देणारे कोणी नाही. पुढच्याच वर्षी फ्रेड हॉलस्टेड यांचा 'एल. ए. प्लेज इटसेल्फ' आला. तो हिंसक आहे, अंगावर येतो, आणि आज न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात जतन केलेला आहे. एका वर्षाच्या अंतराने दोन टोके. सत्तेचे पात्र हा एक पर्याय होता.

वर्दीचा विषय निघालाच आहे तर आम्हा नाशिककरांना लांब जायची गरज नाही. देवळाली येथून हाकेच्या अंतरावर आहे. मुंबईत उतरलेले गोरे सैनिक येथे यायचे आणि मुदत संपलेले सैनिक परतीच्या जहाजाची वाट पाहत येथेच महिनोन्महिने पडून राहायचे. त्या रिकामपणाने माणसे भ्रमिष्ट होत, म्हणून इंग्रजीत 'डूलाली' हा शब्द वेडाचा पर्याय झाला. एवढे सगळ्यांना माहीत असते. मात्र छावणीत सैनिकांच्या मनोरंजनासाठी तोफखान्याचे नाटक-गाण्याचे पथक होते आणि त्यात पुरुष स्त्रीवेष घेऊन नाचत, हे फारसे सांगितले जात नाही. या पथकात काम केलेल्या जिमी पेरी यांनी डेव्हिड क्रॉफ्ट यांच्यासह त्यावर बीबीसीसाठी विनोदी मालिका लिहिली, 'इट एन्ट हाफ हॉट मम'. ती १९७४ ते १९८१ या काळात चालली. तिचे सुरुवातीचे भाग देवळालीतच घडतात.

मालिकेतील सार्जंट-मेजर या नाच्या पोरांना दिवसरात्र बायकी म्हणून हिणवतो, त्यांना लढाईवर धाडायची धमकी देतो, आणि त्यांच्यावरून नजरही हटवत नाही. घरोघरी लोक हसले. प्रौढ चित्रपटातील सार्जंट आणि हा सार्जंट यांत फरक काय? इथली माणसे त्याच्यापुढून निघून जाऊ शकत नाहीत, आणि तरीही मालिका कुटुंबासह पाहण्याजोगी ठरली! इंग्लंडने १९६७ साली पुरुषांमधील खाजगी संबंध गुन्ह्यातून वगळले, पण सैन्याला त्यातून बाहेर ठेवले. सैन्यातील बंदी उठली २००० साली. अर्थात ज्या वर्षांत लाखो प्रेक्षक या मालिकेवर हसत होते त्याच वर्षांत खरे सैनिक समलैंगिक म्हणून सैन्यातून काढले जात होते. आपल्याकडे १९५० च्या सेना अधिनियमाचे ४६वे कलम 'अनैसर्गिक' वर्तनाची भाषा आजही बोलते. देवळालीत आज भारतीय तोफखान्याचे प्रशिक्षण चालते आणि ते कलम तेथेही लागू आहे.

(जाता जाता : याच मालिकेतील हिंदुस्थानी नोकराची मुख्य भूमिका एका गोऱ्या नटाने चेहऱ्याला रंग फासून केली होती. हे पुढे उपयोगी पडेल.)

दुसरी खूण शहरातच आहे. मुंबई इलाख्याची पोलीस प्रशिक्षण शाळा १९०६ साली पुण्याजवळ भांबुर्ड्याला सुरू झाली आणि १९०९ मध्ये नाशिकला आली. आजची त्र्यंबक रस्त्यावरची महाराष्ट्र पोलीस अकादमी ती हीच. त्याच १९०९च्या २१ डिसेंबरला कलेक्टर जॅक्सन विजयानंद नाट्यगृहात 'शारदा' पाहायला गेला आणि मारला गेला. त्या काळच्या रिवाजाप्रमाणे रंगमंचावरची शारदा पुरुषच होती. स्त्रीवेषातील नटाला कलेक्टरने पाहिले तर तो रसिक, हवालदाराने खैरातीला पाहिले तर तो गुन्हेगार. वेष तोच, फक्त जागा बदलली.

आता जे 'आपली संस्कृती' म्हणतात त्यांना माझा थेट प्रश्न आहे. 'हंटरवाली' १९३५ साली आला तेव्हा नादियाच्या हातातील चाबकावर सगळ्यांनी टाळ्या पिटल्या. ती 'वाडिया मूव्हीटोन'ची निर्मिती. तो स्टुडिओ उभारणाऱ्या जे. बी. एच. वाडियांचा नातू रियाद वाडिया याने १९९६ साली आर. राज राव यांच्या कवितांवर 'बॉमगे' हा लघुपट केला. त्यात ना चाबूक होता, ना हुकूम. मुंबईत राहणाऱ्या समलैंगिक पुरुषांचे जगणे होते, थोडी नग्नता होती. हा मात्र चोरून पाहण्याचा चित्रपट ठरला. आजोबांच्या चाबकाला संस्कृतीत जागा मिळाली, नातवाच्या प्रेमाला नाही. तेव्हा सत्तेच्या प्रदर्शनाला आपला विरोध कधीच नव्हता, हे तरी प्रामाणिकपणे कबूल करावे.

इथवर ज्यांनी माना डोलावल्या त्या पुरोगामी मित्रांशीही माझे भांडण आहे. 'हे केवळ काल्पनिक आहे, खेळ आहे, त्यात राजकारण शोधू नका' हा त्यांचा आवडता बचाव. तो टिकत नाही. कॅनडातील चित्रकर्मी रिचर्ड फंग यांनी १९९१ मध्ये एका निबंधात उत्तर अमेरिकेतील समलैंगिक चित्रफिती तपासल्या आणि दाखवून दिले की आशियाई पुरुष त्यांत जवळजवळ नेहमी घरगड्याच्या जागी असतो. सेवा त्याने करायची, सुख गोऱ्याने घ्यायचे, आणि कॅमेरा गोऱ्याच्या डोळ्यांनी पाहणार. जो खेळ आहे त्यात डाव आलटून पालटून यायला हवा. एकाच वर्णाचा माणूस कायम नोकर होत असेल तर तो खेळ राहिलेला नाही, ती जुनीच व्यवस्था आहे. देवळालीच्या त्या रंग फासलेल्या नोकराची आठवण येथे ठेवावी.

आपल्याकडे हा प्रश्न वर्णापेक्षा जातीचा आणि खिशाचा होतो. आर. राज राव यांच्या 'द बॉयफ्रेंड' (२००३) या कादंबरीत मुंबईतला इंग्रजी पत्रकार युदी आणि एकोणीस वर्षांचा दलित तरुण मिलिंद महाडिक यांचे नाते आहे. कोणी साखळदंड बांधत नाही, कोणी वर्दी घालत नाही, तरीही घर कोणाचे, इंग्रजी कोणाची, पैसा कोणाचा, हे प्रत्येक पानावर जाणवत राहते. प्रौढ चित्रपटांबाबतही माझा आग्रह एवढाच आहे की पडद्यावरच्या बेडीआधी कॅमेऱ्यामागचा व्यवहार विचारावा. पैसे किती मिळाले, 'थांबा' म्हटल्यावर चित्रण थांबले का, चित्रफीत पुढे कोठे विकली गेली?

हाच वाद कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयात २००० साली गेला होता. व्हँकुव्हरच्या 'लिटल सिस्टर्स' या पुस्तकदुकानाचा माल सीमाशुल्क अधिकारी वर्षानुवर्षे अडवत होते. ख्रिस्तोफर केंडल यांच्यासारखे अभ्यासक म्हणत की समलैंगिक प्रौढ साहित्यही वर्चस्व आणि दास्य यांनाच सुंदर करून दाखवते, म्हणून तेही विषमतेचेच साहित्य आहे. युक्तिवाद गंभीर आहे, झटकून टाकण्यासारखा नाही. पण माल अडवण्याचा अधिकार कोणाच्या हाती गेला? पुन्हा एका गणवेशातील अधिकाऱ्याच्या. सत्तेच्या चित्रणावरचा उपाय म्हणून सत्तेलाच आणखी एक शिक्का बहाल करणे मला पटत नाही.

मराठीत याचे उत्तर १९३४ मध्येच एका माणसाने दिले होते. र. धों. कर्वे यांच्यावर 'समाजस्वास्थ्य'साठी खटला झाला. वाचकांनी हस्तमैथुन आणि समलैंगिकता यांविषयी विचारलेल्या प्रश्नांना त्यांनी सरळ उत्तरे दिली होती. त्यांच्या बाजूने न्यायालयात उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. खटला हरला, कर्वे यांना दंड झाला. विषय अश्लील आहे की त्यावरील मौन, हा प्रश्न मात्र त्या दिवशी मराठीत विचारला गेला, आणि तो अनुवादित नव्हता.

आता ज्या कारणाने हा धागा लिहावासा वाटला त्याकडे येतो. रवी जाधव यांचा 'नटरंग' (२०१०) आपण सगळ्यांनी पाहिला. आनंद यादवांच्या कादंबरीतला गुणा, पैलवानी शरीराचा गडी, कलेपायी नाच्या होतो. पुढाऱ्यांच्या वैरात सापडतो आणि त्याच्यावर बलात्कार होतो. प्रेक्षागृहात लोक रडले. सत्ता, पुरुषाचे शरीर आणि बळजबरी यांचे याहून उघड दृश्य मराठी पडद्यावर क्वचितच आले असेल. त्याला कोणी पाश्चात्त्य म्हटले नाही.

गुणा आज पोलीस ठाण्यात गेला तर काय होईल?

६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ३७७ मधून प्रौढांचे संमतीचे संबंध वगळले. संमतीविना केलेल्या कृत्यांसाठी कलम कायम ठेवले. १८६० मध्ये गळालेला शब्द दीडशेहून अधिक वर्षांनी परत आला होता. मग १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली आणि तिच्यात ३७७ची जागाच ठेवलेली नाही. बलात्काराची व्याख्या कलम ६३ मध्ये आहे, ती पीडित म्हणून स्त्रीलाच ओळखते. बालकांसाठी पॉक्सो आहे. प्रौढ पुरुषासाठी काही नाही. संसदेच्या गृहविषयक स्थायी समितीने विधेयकावरील अहवालात ही उणीव दाखवून दिली होती, तरीही ती राहिली. ऑक्टोबर २०२४ मध्ये हा विषय सर्वोच्च न्यायालयापुढे आला तेव्हा कायदा करणे हे संसदेचे काम आहे, असे सांगून न्यायालयाने हस्तक्षेप नाकारला.

दुसऱ्या बाजूला माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६७-अ आहे. दोन प्रौढ पुरुषांनी राजीखुशीने केलेला सत्तेचा खेळ चित्रित करून कोणी प्रसारित केला, तर पहिल्याच दोषसिद्धीला पाच वर्षांपर्यंत कारावास आणि दहा लाखांपर्यंत दंड. म्हणजे आजची स्थिती अशी की वर्दी घालून बळजबरीचे नाटक करणाऱ्याला कायद्यात नेमके कलम आहे, वर्दी घालून खरी बळजबरी करणाऱ्याला नाही. मेकॉलेच्या मसुद्यातसुद्धा हा भेद अधिक नीट होता, आणि हे वाक्य मला लिहावे लागत आहे याचा संताप येतो.

हे केवळ पुस्तकी नाही. डेटिंग अॅपवरून तरुणाला बोलवायचे, आडजागी गाठायचे, 'आम्ही पोलीस आहोत' म्हणून धमकवायचे, पैसे काढून घ्यायचे, कधी त्याहून वाईट काही करायचे : अशा बातम्या महाराष्ट्रातील शहरांतून वरचेवर येतात. ज्या वर्दीच्या भूमिकेला आपण परदेशी चित्रपटातली विकृती म्हणतो तीच भूमिका हे तोतये आपल्या गल्लीत वठवतात, आणि समोरच्याला ती थांबवता येत नाही. हा तरुण तक्रार का करत नाही, असे विचारणाऱ्यांनी ठाण्यातील टेबलाच्या पलीकडे कोणता गणवेश बसलेला असतो याचाही विचार करावा.

आणि तरीही तो गेलाच, असे धरू. त्र्यंबक रस्त्यावरच्या अकादमीतून नव्या संहितेचे धडे गिरवून बाहेर पडलेला उपनिरीक्षक त्याचे म्हणणे सहानुभूतीने ऐकतो आहे, असेही धरू. लुबाडणुकीसाठी त्याच्याजवळ खंडणीचे कलम आहे. तोतयेगिरीसाठी कलम आहे. डांबून ठेवल्याबद्दल आणि मारहाणीबद्दलही आहे. एवढे लिहून झाल्यावर तो तरुण उरलेली हकीकत सांगतो. तिच्यासमोर उपनिरीक्षकाने कोणता आकडा लिहायचा?